दगडातला बेडूक

गुळगुळीत झालेल्या पाट्याला टाकी लावली की दगडाच्या भुकटीचा वास घरभर पसरतो आणि मी रिठदच्या आमच्या मळ्यात जाऊन पोचते.

नवी नवरी होते मी. मळ्यातल्या विहिरीला पाणी लागेना, म्हणून मामंजी खोदकाम बंद करायला निघाले होते. तेवढ्यात विहीर खोदणारे रहीमचाचा एक पांढुरका, दुभंगलेला दगड घेऊन वर आले. आत बेडूक! अंगठ्याएवढा, पाय दुमडलेला, बोटं न् बोटं दिसणारा, पण सगळा दगडाचा.

"भाऊ, बेडूक हाय तं पानी हाय. आता काहून थांबता?"

सासूबाईंनी त्याच्यावर तांब्याभर पाणी ओतलं. "जागा होते का पाहू!" मीही वाकून बघत राहिले. ओला होऊन तो नुसता काळा चमकला.

मामंजींनी आणखी महिनाभर खोदलं. विहीर कोरडीच राहिली. चाचा मान खाली घालून गेले.

आज पाट्यावर टाकी चालू असताना हे सगळं नातवाला सांगितलं. तो दगडांचंच शिकतो. म्हणाला, "आजी, तो कोट्यवधी वर्षांपूर्वीचा. तेव्हा तिथं तळं असणार."

म्हणजे चाचा चुकले नव्हते. पाणी होतंच तिथं. आम्हीच खोदायला उशिरा गेलो.