रिसेप्शनमधला टीव्ही

एक्स्टेंशन बोर्ड घ्यायला मी स्टुडिओच्या रिसेप्शनमध्ये गेले, तर सोफ्यावर बसलेला एक माणूस भिंतीवरच्या टीव्हीचा फोटो काढत होता. टीव्हीवर प्रणाली होती. काळ्या लेसच्या अंतर्वस्त्रांत, आणि चेहऱ्यासकट.

तो चेहराच कुणाला दिसायला नको होता.

प्रणाली माझी क्लायंट. वय एकोणतीस, राहते सीवूड्सला, घरचे उरणला. ती लाँजरी मॉडेल आहे. एका सबस्क्रिप्शन साइटवर तिचं पेज आहे. दरमहा पैसे भरतात त्यांनाच ते दिसतं. तिथे तिचे सगळे फोटो हनुवटीच्या खाली कापलेले असतात. घरी एवढंच माहीत होतं की मुलगी कपड्यांच्या कंपनीत आहे. आईला सांगायचं होतं, पण स्वतःच्या तोंडाने, जमेल तेव्हा.

मी शूट कोऑर्डिनेटर. बावीस वर्षं कॅटलॉगची शूट्स लावतेय. साड्या, कुकर, शाळेचे बूट. कोण, किती वाजता, कुठे, याचा कागद मी करते. त्याला कॉल शीट म्हणतात. लाँजरीच्या शूटला सेट क्लोज्ड असतो. म्हणजे कागदावर नाव नसलेलं कुणीही खोलीत नको. त्या दिवशी पाच नावं होती. सगळ्यांचे फोन मी टोपलीत जमा केले होते. दाराची कडी मी स्वतः लावली होती.

टीव्ही माझ्या डोक्यातच आला नाही. कॅमेऱ्याला केबल असते, काढलेला प्रत्येक फोटो लगेच लॅपटॉपवर दिसतो. कॅटलॉगच्या दिवशी तोच बाहेरच्या टीव्हीवरही सोडतात, कारण बाहेर कंपनीची माणसं बसलेली असतात. इथे तर क्लायंट आत, कॅमेऱ्यासमोर उभी होती. मग बाहेर टीव्ही कुणासाठी चालू होता?

"फोन द्या," मी म्हटलं.

"तुम्ही कोण?"

"फोन द्या आधी."

केबिनमधून दिलीप सर आले. तळोजा एमआयडीसीतला हा गाळा आणि त्यातला स्टुडिओ त्यांचा.

"अहो वंदनाताई, आपलेच पाहुणे आहेत. लाइटिंग बघत होते."

"लाइटिंग बघायला फोटो कशाला काढायला लागतो?"

"टेन्शन कशाला घेता? एवढे लोक बघतात तिला. त्यात हा एक."

मी टीव्हीची वायर ओढली. आत जाऊन शूट थांबवलं आणि प्रणालीला सांगितलं. मला राग आला होता. त्यातला निम्मा राग माझ्यावरच होता.

ती गाऊन घालून बाहेर आली. पाहुण्याच्या समोर उभी राहिली.

"किती काढले?"

"दोनच."

"कुणाला पाठवले?"

तो दिलीप सरांकडे बघायला लागला. मग म्हणाला, "ग्रुपवर टाकला एक. डिलीट करतो ना."

"कसला ग्रुप?"

"कंटेनर यार्डातले मित्र आहेत."

"उरणचे?"

"असतील चार-पाच."

तिचा भाऊ कंटेनर यार्डात काम करतो.

दिलीप सर म्हणाले, "मॅडम, फोटो तुम्ही स्वतःच विकता ना?"

"मी विकते. तुम्ही चोरलेत. दुकानाबाहेर साडी टांगलेली असली म्हणून उचलून न्यायची का?"

मग ती सोफ्याच्या दुसऱ्या टोकाला बसली आणि तिने आईला फोन लावला. सगळं सांगितलं. काम काय, कधीपासून, आज काय झालं. आईचा आवाज मला बाजूला उभ्या उभ्या ऐकू येत होता.

"कोनी जबरदस्ती केली का तुला?"

"नाही आई. माझं काम आहे ते."



"दादाला मी सांगीन. तू इकडं येव नको आता."

फोन बंद झाला. प्रणालीने तोंड धुतलं आणि मला म्हणाली, "ताई, पोलिसांत जाऊ या."

गेलो. परवानगीशिवाय असा फोटो काढणं हा गुन्हाच, पैसे घेऊन पोज देणाऱ्या बाईचा असला तरी. हे वाक्य तिथे मी तीनदा म्हटलं. तक्रार घेतली, पाहुण्याचा फोन जमा केला. दिलीप सरांनी संध्याकाळी मला मेसेज केला की मी त्यांची इमेज खराब केली.  त्या गाळ्यात मी नंतर गेले नाही, माझी बाकीची शूट्सही दुसरीकडे नेली.

ग्रुपवरचा फोटो भावापर्यंत त्याच रात्री पोचला. त्याच्या तासभर आधी आईने त्याला सांगितलं होतं. फोटोआधी त्याला घरातून कळलं, प्रणालीला मिळालं ते एवढंच. आता तीन महिने झाले. ती अजून उरणला गेलेली नाही. पेज चालू आहे, चेहरा अजूनही कापलेला असतो.

क्लोज्ड सेटच्या माझ्या यादीत आता माणसांच्या आधी स्क्रीन येतात. टीव्ही, मॉनिटर, मालकाच्या केबिनमधला स्क्रीन. प्रत्येकाची वायर मी स्वतः काढते आणि पिशवीत भरून आत घेऊन बसते. मालकांना राग येतो. येऊ दे.