न रडणारं लेकरू आधी

राजधानी नागपूरहून भोपाळला गेली, त्या साली जसोंडी गावचे पुरुष पारावर बसून आता आपलं कसं होणार याचा काथ्याकूट करत होते. बायकांना तेवढी सवड कुठली! शिवारात कापूस फुटला होता. बांधावरच्या कडुलिंबाला सात झोळ्या टांगायच्या, एका लेकुरवाळीने त्या सांभाळायच्या आणि तिच्या वाट्याचा कापूस बाकीच्यांनी वेचून द्यायचा, अशी त्यांची रीत.

मथुराबाईचं हे पहिलंच पोर. तीन महिन्यांचा भिकन दिवसभर हूं की चूं करत नसे. 'किती गुणाचा!' असं जो तो म्हणे आणि ती मनातल्या मनात फुलून जाई.

त्या दिवशी झोळ्यांपाशी धुरपदाबाई होती. चार लेकरांची आई, अंगाने दणकट, तोंडाने फटकळ. तिचा स्वतःचा तान्हा दगा भुकेने आकांत करत होता. पाणी प्यायला आलेली मथुराबाई बघते तर काय, ही बाई दगाची झोळी मागे टाकून गेली आणि शांत पडलेल्या भिकनलाच तिने उचललं.

"निजू द्या ना त्याले," मथुराबाई जरा तोऱ्यातच म्हणाली. "तो रडतच नाही."

"म्हनूनच उचललं," धुरपदाबाई म्हणाली. "माह्या दगाच्या अंगात बोंबलायची ताकद हाये. याच्या अंगात तेवढीबी नाही. तुले दूध पुरत नाही, माय. पोरगं उपाशी हाये."

मथुराबाईने भिकनच्या काडीसारख्या हातांकडे पाहिलं. आपण ज्याचं कौतुक मिरवलं, ती लेकराची भूक होती!

धुरपदाबाईने पदराआड भिकनला छातीशी लावलं. दगा रडून रडून लाल झाला, तरी ती हलली नाही. मथुराबाई तिच्याकडे बघतच राहिली. देवळातसुद्धा तिचे हात इतक्या आपसूक कधी जुळले नव्हते.

पुढे झोळ्या सांभाळायला धुरपदाबाईच थांबू लागली आणि रोज तसंच चाललं. आधी भिकन, मग दगा. मथुराबाईसाठी धुरपदाबाई घरून मेथ्यांची पेज आणी आणि समोर बसवून, दटावून प्यायला लावी.

पंधराएक दिवसांनी भर दुपारी बांधावरून एक नवाच टाहो फुटला. भिकन! वेचणाऱ्या बायकांचे हात थांबले. मथुराबाई धावायला निघाली, तशी धुरपदाबाई तिकडूनच हसत ओरडली, "येऊ नको व! रडू दे त्याले!"

मथुराबाई ओटीतल्या कापसासकट तिथेच उभी राहिली आणि आपल्या लेकराचं रडणं पोटभर ऐकत राहिली.