सुपारी फुटण्याआधी

साठ सालच्या सुमाराची, अकोल्यातली गोष्ट. शेजारच्या मुलीच्या लग्नाची सुपारी फुटायची होती आणि पाहुण्यांची व्यवस्था माझ्याकडे होती. आधी पाणी, मग चहा, मग पान. बाळापूरचे पाहुणे अंगणातल्या सतरंजीवर बसले, पण पाण्याला कुणी हात लावेना. मुलीचा धाकटा भाऊ कापसाच्या जिनिंगमधल्या मित्राशी नवराबायकोसारखं नातं ठेवून आहे, हे त्यांच्या कानावर गेलं होतं. घरच्यांना ते केव्हाचं ठाऊक होतं. कुणी बोलत नव्हतं, इतकंच.

“असं पोरगं घरात ठेवता कावून?” नवरदेवाच्या काकानं विचारलं.

थोरल्या भावानं धाकट्याला अंगणात ओढलं. कपाशीच्या पऱ्हाटीची काडी पाठीवर मोडली, तेव्हा त्यानं बैलगाडीच्या कडेची जाड लाकडी उभारी उपसली. मारताना तो रडत होता, पण नजर पाहुण्यांवर होती. ते गप्प होते, म्हणून त्याला थांबता येईना. बाप ओरडला, “मार अजून! दिसू दे त्यायले!”

रक्त सतरंजीपर्यंत आलं तेव्हा काका म्हणाला, “बस झालं. आणा सुपारी.” आणि त्यानं पाण्याचा पेला उचलला.

धाकट्याला नेऊन टाकलं होतं त्या गोठ्यात मी हळद घेऊन गेले. त्याचा हात मनगटापासून लोंबत होता. त्यानं एवढंच विचारलं, “वैनी, जुळली काय ताईची सोयरीक?”