बेळगावकराची नाडी

कोल्हापूरच्या स्टँडवर मला सोडायला आई, आबा, दादा आणि तालमीतली पाच-सहा पोरं आली होती. बायको, मानसी, नोकरीसाठी तीन महिने आधीच नेदरलँड्सला पोचली होती, दोन वर्षांच्या इराला घेऊन, आणि मी तिच्या व्हिसावर निघालो होतो. गल्लीत याची चर्चा झाली नसती तरच नवल. "नवरी निघाली सासरला," असं म्हणून पोरांनी माझ्या बॅगा गाडीत चढवल्या. आई त्यांच्यावर रागावली आणि मग तीच रडायला लागली. आबा हसले नाहीत की रडले नाहीत. त्यांनी माझे दोन्ही हात हातात घेतले, उलटे केले, अंगठ्यांची मुळं दाबून पाहिली आणि म्हणाले, "हात जप. बाकी सगळं मिळतंय तिकडं." मुंबईची गाडी सुटली तेव्हा ते चहाच्या गाड्यापाशी पाठमोरे उभे होते.

हे मी दोघांसाठी लिहितोय. जे मागे राहिलात त्यांच्यासाठी, आणि माझ्यासारखे जे बाहेर पडलात त्यांच्यासाठीही. दोघांनाही एक सवय आहे आणि त्या सवयीनं माझं फार नुकसान केलंय. माझ्या हातून दुसऱ्याचंही केलंय.

आमचं घर पैलवानांचं. आजोबा कुस्ती खेळले, आबा खेळले आणि पुढं वस्ताद झाले, दादा खेळला. मीही खेळायचाच होतो, त्याबद्दल मला कुणी विचारलं नव्हतं. सतराव्या वर्षी गुडघा गेला आणि मी आखाड्यातून काठावर आलो. दादाला मालिश करायला लागलो. ते जमतंय म्हटल्यावर आबांनी मला फिजिओथेरपीला घातलं. पैलवानाच्या घरात न खेळणारा पोरगा म्हणजे जेवणातलं लोणचं, असलं तर चालतं. पण आबा माझ्या हाताला मानायचे. दमलेल्या पोराच्या पाठीवर माझा तळवा टेकवून विचारायचे, "सांग, ह्याचा दम खाली बसाय किती येळ लागला?" तोंड खोटं बोलतं, अंग बोलत नाही, एवढी एकच विद्या त्यांनी मला दिली.

इकडं आल्यावर कळलं की डच भाषा आणि नोंदणी यांच्याशिवाय माझ्या डिग्रीला किंमत नाही. रॉटरडॅमला लागून असलेल्या कापेल आन डेन आयसेलमध्ये, मानसीच्या ऑफिसजवळ, सहाव्या मजल्यावर आमचा फ्लॅट. वर्षभर मी इराला सायकलवरून पाळणाघरात सोडायचो, भाषेच्या क्लासला जायचो आणि संध्याकाळी भाकरी थापायचो. भाषेच्या बाईंचा नवरा दक्षिणेकडे, ब्राबांटमध्ये, एका छोट्या सायकल टीममध्ये मेकॅनिक होता. त्याच्या ओळखीनं मला तिथं मालिशवाल्याचं काम मिळालं. त्याला इकडं फरझोर्गर म्हणतात, काळजी घेणारा. म्हणजे पाय चोळायचे, बाटल्या भरायच्या, भाताच्या वड्या करून कागदात गुंडाळायच्या, घामट कपडे धुवायचे, आणि शर्यतीत रस्त्याच्या कडेला उभं राहून पिशव्या पुढं करायच्या. आबांना फोनवर सगळं सांगितलं. "म्हंजे खुराक, मालिश आणि धुणं. मग त्यात नवीन काय हाय?" ते म्हणाले.

योरिस तिथं भेटला. चोविशीतला, उंच, अबोल, बेल्जियमचा. आजोबा रस्त्यावरच्या शर्यती मारायचे, बाप आणि काका व्यावसायिक टीममध्ये होते, बहीण ट्रॅकवर. त्यांच्या स्वयंपाकघराची एक अख्खी भिंत फोटोंनी भरलेली होती आणि त्यात योरिससाठी जागा रिकामी ठेवली होती. मी ती पाहिली आहे. चौथ्या वर्षी त्याला सायकलवर बसवलं, तेव्हापासून तो उतरला नव्हता. मला तो पहिल्याच दिवशी ओळखीचा वाटला.

आबांना मी म्हटलं, बेल्जियमचा एक पोरगा आहे, चांगला चालवतो. लाईन खराब होती. "बेळगावचा?" आबा म्हणाले, "आडनाव काय?" मी दुरुस्त केलं, पण उशीर झाला होता. तेव्हापासून आमच्या घरात योरिसचं नाव बेळगावकर. दर फोनला आधी त्याची चौकशी. बेळगावकर कितवा आला, बेळगावकराला दूध पचतं का. हे लोक पायाचे केस काढतात म्हटल्यावर आबा म्हणाले, "त्याच्या आईला हे ठाऊक हाय का?" मी योरिसला हे सांगितलं तेव्हा तो टेबलावर पालथा पडून हसला, टेबल हललं.

मग कोरोना आला. शर्यती बंद झाल्या, बेल्जियमची सीमाही बंद झाली. योरिस टीमच्या जागेजवळ भाड्याच्या खोलीत होता, तो तिथंच अडकला. "म्हंजे तिकडंबी सीमावाद हाय म्हण की," आबा म्हणाले. चार महिने तो खोलीत रोलरवर जागच्या जागी सायकल मारत होता. उन्हाळ्याच्या शेवटी शर्यती सुरू झाल्या, पण बघायला माणूस नाही. मी मास्क लावून मालिश करायचो, दर दोन दिवसांनी नाकात काडी. ऑक्टोबरमध्ये योरिसला कोरोना झाला. दोन आठवडे पडून राहिला आणि पुन्हा सायकलवर बसला.

फेब्रुवारीत एकदा त्याच्या डाव्या पायाला मालिश करताना माझा अंगठा गुडघ्यामागच्या खळग्यात थांबला. तिथं नाडी लागते. चार ठोके नीट, मग एक गायब, मग दोन घाईघाईनं. मी हात काढला नाही. बरंच मोजलं. तो पालथाच होता. माझा हात थांबलाय हे त्याला कळलं होतं.

"कुणाला सांगू नकोस," तो म्हणाला. मी काही विचारायच्या आतच. डिसेंबरपासून जिना चढताना धाप लागते, हेही त्यानंच सांगितलं. कराराचं शेवटचं वर्ष, टीम टिकेल की नाही माहीत नाही, आणि बाप. "वसंतातल्या शर्यती होऊ देत. मे महिन्यात मी स्वतः डॉक्टरकडे जातो. बाबांना तर अजिबात नको."

मी हो म्हटलं. का म्हटलं, यावर मी बराच विचार केला आहे. थोडी भीती होती, बाहेरचा माणूस, आपण कशाला तोंड उघडा. पण खरं सांगायचं तर मला ते चांगुलपणाचं वाटलं. पोरानं विश्वास टाकला, आपण जपला. पुढचे दोन महिने दर आठवड्याला माझा अंगठा त्या खळग्यात जायचा आणि मी तो काढून घ्यायचो. मार्चमध्ये एका साध्या चढावर तो सगळ्यांच्या मागं पडला. त्या दिवशी त्याचा बाप फोनवर त्याला आळशी म्हणाला. मी शेजारी टॉवेलांच्या घड्या करत राहिलो.

एप्रिलमध्ये आबा फोनवर येईनासे झाले. आई म्हणायची, झोपलेत. दादा म्हणायचा, तालमीत गेलेत. लॉकडाऊनमध्ये सगळ्या तालमींना कुलूप होतं, हे मला माहीत होतं. मी ते ऐकलं आणि सोडून दिलं. सगळं ठीक आहे ना? ठीक आहे. तुमचं? आमचंही ठीक. तुम्हीही अशीच बोलणी करत असाल.

एका गुरुवारी दुपारी दादाचा फोन आला. "आबा गेले. काल." अकरा दिवस दवाखान्यात होते. अंत्यविधी महापालिकेच्या माणसांनी केला होता, दादाला लांबून बघू दिलं होतं. मी ओरडलो. आयुष्यात पहिल्यांदा मी दादाला शिवी दिली. तो शांत होता, किंवा थकलेला. "तू तिथनं काय करणार हुतास? उगा जिवाला घोर. आणि आबांनीच सांगितलं हुतं. धाकट्याला कळवू नका, बेळगावकराच्या शर्यती चालू हायत, त्याचं मन तिकडं असू दे."

विमानं बंद होत होती. गेलो असतो तर कधी परत आलो असतो याचा पत्ता नव्हता, आणि जाऊन तरी काय बघणार होतो? मानसीनं रजा घेतली. आम्ही दोघं स्वयंपाकघरात बसून राहायचो. फोन यायचे, आम्ही लोकांना सांगायचो, आबा गेले. दुसऱ्या दिवशी इरानं डचमध्ये विचारलं, आजोबा कुठे गेलेत आणि परत कधी येणार. तिला मराठी कळतं असं आम्ही सगळ्यांना अभिमानानं सांगत होतो. मी तिला मांडीवर घेतलं आणि म्हटलं, आजोबा मेले. हा शब्द मी तोपर्यंत उच्चारला नव्हता. तिनं मान हलवली, थोडी रडली आणि थोड्या वेळानं खेळायला गेली. तिला सरळ सांगितलं, आणि तिला ते झेपलं.

चौथ्या दिवशी मी कामावर गेलो. योरिस टेबलावर येऊन बसला, माझा हात धरून वाईट वाटतं म्हणाला. त्यानं आबांना कधी पाहिलं नव्हतं. मी अंगठा खळग्यात ठेवला. ठोके फेब्रुवारीपेक्षा वाईट होते. "मी आज डॉक्टरांना सांगणार आहे," मी म्हटलं. तो आधी विनवण्या करत होता, मग शिव्या द्यायला लागला. त्याच्या भाषेतल्या सगळ्या शिव्या मला कळत नाहीत, बऱ्याच कळल्या. मी हात धुतले आणि टीमच्या डॉक्टरांच्या खोलीत गेलो.

तपासण्या झाल्या. हृदयाच्या स्नायूला सूज येऊन गेली होती आणि तिथं आता वण पडला होता. शर्यती कायमच्या बंद. साधी सायकल चालवायलाही विचारून. डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले, हिवाळ्यापासूनच सहा महिने पूर्ण विश्रांती दिली असती तर कदाचित भरून आलं असतं. खात्रीनं सांगता येत नाही. त्या 'कदाचित'वर मी आजही झोपतो आणि उठतो.

त्याचं सामान न्यायला त्याचा बाप आला. रुंद खांद्यांचा माणूस, साठीचा, मास्कच्या वर नुसते डोळे. योरिसच्या धुतलेल्या जर्सी मी घड्या करून ठेवल्या होत्या. त्यानं एकच विचारलं, "केव्हापासून?" मला एप्रिल म्हणता आलं असतं. कागदावर तसंच होतं. मी म्हटलं, फेब्रुवारीपासून.

"मला फोन का केला नाहीस?"

"त्याला नको होतं. तुम्हाला त्रास नको म्हणून." बोलता बोलताच मला दादाचा आवाज ऐकू आला.

"मी त्याचा बाप आहे," तो म्हणाला. आवाज चढवला नाही. जर्सी उचलल्या आणि गाडीकडे गेला. मला वाटलं होतं तो मारेल. मारलं असतं तर बरं झालं असतं.

योरिस माझ्या मेसेजला उत्तर देत नाही. एका दुकानात तो सायकली दुरुस्त करतो असं कानावर आलं. त्या वर्षाच्या अखेरीस टीमही बंद पडली. मी रात्रंदिवस घासून नोंदणीची परीक्षा दिली आणि आता रॉटरडॅममध्ये म्हाताऱ्यांचे आखडलेले खांदे सोडवतो. कुणाचं काही वेगळं हाताला लागलं की त्याच दिवशी त्यांच्या हाउसआर्ट्सला, म्हणजे घरच्या डॉक्टरला, चिठ्ठी लिहितो. पेशंट चिडतात. चिडोत.

दादाशी मी सहा आठवडे बोललो नाही. मग मीच फोन केला आणि योरिसची सगळी गोष्ट त्याला सांगितली. यापुढं घरातलं वाईट मला आधी कळलं पाहिजे, म्हटलं. तो 'हूं' म्हणाला. त्यानंतर कित्येक महिने पुन्हा तेच. आई ठीक, पोरं ठीक, पाऊस बरा. त्यांच्या मायेत खोट नव्हती, हे मला माहीत आहे. पण त्या 'ठीक'चा अर्थ मला कळायला लागला होता. घरात भांडण असो, ताप असो, पाहुणा आला की आपण चेहरे पुसून चहा ठेवतो. मी त्या घरात जन्मलो, वाढलो, आणि आता मी पाहुणा झालो होतो. इथं तर पाहुणा होतोच. मानसीला मी एकदा म्हणालोही, आपण दोन्हीकडे चहापुरतेच उरलो. ती म्हणाली, इकडं चहासुद्धा आधी वेळ ठरवून.

पुढच्या हिवाळ्यात कामावरून परत येताना, बसस्टॉपवर उभा असताना दादाचा फोन आला. नेहमीची विचारपूस नाही, काही नाही.

"आई न्हाणीत पडली. खुबा मोडलाय. उद्या ऑपरेशन. डॉक्टर म्हणत्यात वय झालंय, भूल झेपंल का सांगता येत न्हाई. तुला इतक्यात येता येणार न्हाई, ठाऊक हाय. तरी सांगतोय."

मी बाकावर बसलो. कुठला पाय, शुगर किती, रक्त पातळ करायची गोळी बंद केली का, सगळं विचारत गेलो आणि तो एकेकाचं उत्तर देत गेला, काही न लपवता. बस आली आणि गेली. बोलणं संपलं तेव्हा मी रडत होतो, आईसाठीच, पण नुसतं तेवढंच नव्हतं.

"बरं केलंस सांगितलंस," मी म्हणालो. "पाहुण्याला कुणी असं सांगत न्हाई."