चुना न लावलेली भिंत

आमच्या बेटावर ईस्टरच्या आठवड्यात घरन्‌घर चुन्याने पांढरं होतं. ज्या घरात मरण झालंय, तेवढं तसंच राहतं. कालिरोईचा स्ट्रातिस मासे धरायला गेला तो गेलाच. होडी रिकामी सापडली, पोर नाही. तरी पुढच्या ईस्टरला ही बाई चुन्याची बादली घेऊन भिंतीला भिडली. त्याच्या पुढच्यालाही. कुणी त्याच्या नावाने मेणबत्ती लावायचं काढलं, की त्याला दारातूनच वाटेला लावायची. "माझा मुलगा जिवंत आहे. भिंत दिसत नाही?"

मी आर्यिरो, तिची लहानपणची मैत्रीण. कालिरोई पहिल्यापासून अशीच. नवरा गेल्यावर जाळी विणून पोर वाढवलं, पण कुणापुढे हात पसरला नाही.

यंदा अथेन्सहून मिर्तो नावाची पोरगी आली. पाच मिनिटांचा सिनेमा करायचा म्हणे: एक भिंत, तिच्यावरचं ऊन, पोपडे, डाग. काळ कसा सरतो ते दाखवायचं.

"त्याला कॅमेरा कशाला? माझे गुडघे बघ की," मी म्हटलं.

तिला नेमकी कालिरोईचीच भिंत आवडली. "आजी, माझं काम होईपर्यंत चुना लावू नका ना." शहरातली पोर, तिला काय ठाऊक! आणि कालिरोई चक्क "बरं" म्हणाली. "लांबून आलीय पोरगी," एवढंच.

गुरुवारी आम्ही दोघी कालिरोईच्या घरी ईस्टरची अंडी लाल रंगवत होतो. शेजारची लेमोनिया आली आणि कालिरोईच्या गळ्यातच पडली. "बरं केलंस बाई, अखेर मान्य केलंस."

कालिरोई ताडकन उठली. "सिनेमासाठी आहे ते! तोंड सांभाळ!"

पण गावभर झालं. रस्त्यात बाया तिला बघून छातीवर क्रुसाची खूण करू लागल्या. मला त्या पोरीचा असा संताप आला! शुक्रवारी तिला गाठून सगळं ऐकवलं. ती पांढरीफटक पडली. शनिवारी सकाळीच तिने कॅमेरा आवरला. "माफ करा आजी, झालं माझं काम. लावा चुना." असं कालिरोईला म्हणाली आणि बोटीने गेली.

मला कळताच मी धावत कालिरोईच्या दारी आले, चुना कालवला, कुंचा घेतला. रात्री ईस्टरच्या घंटा चर्चमध्ये वाजायच्या आत भिंत सहज झाली असती.

"ऊठ गं कालिरोई! तू खालून लाव, मी वरून. बघू कोण काय बोलतं!"

ती पायरीवर बसली होती, हलली नाही.

"आर्यिरो, कुंचा ठेव."

"अगं, पोरगी गेली! सिनेमा संपला!"

"माहितेय मला," ती म्हणाली. "बस इथे. मला माझ्या स्ट्रातिससाठी रडायचंय."