नदीपलीकडचं वऱ्हाड

वाघोलीतल्या आमच्या सोसायटीत शकुंतला ढोले यांना सगळे शकूताई म्हणतात. साठी ओलांडलेली, ठेंगणी, आवाज मात्र तिसऱ्या मजल्यापर्यंत पोचणारा. बावीस वर्षं बालवाडीत शिकवल्याचा तो परिणाम. यजमान बाबुराव खडकीच्या दारूगोळा कारखान्यात होते. तिथल्या क्वार्टरमध्ये संसार झाला आणि निवृत्तीनंतर दोघं इकडे राहायला आले.

शकूताईंचं माहेर आर्वीजवळ, वर्धा नदीच्या काठाला. नदीच्या या बाजूला वर्धा जिल्हा, त्या बाजूला अमरावती. मावशीचं गाव समोरच्या काठावर. उन्हाळ्यात गुडघाभर पाण्यातून चालत मावशीकडे जायचं आणि जेवून परत यायचं. दोन्ही काठांवर बोली एक, वरणाची चव एक, लग्नातली गाणीही तीच. आपण दुसऱ्या कुठल्या मुलखात पाऊल टाकतो आहोत, असं त्या वयात कधी मनात आलं नाही.

लग्न होऊन खडकीत आल्यावर शेजारणीने विचारलं, "तुम्ही नागपूरच्या ना?"

"नाही हो. नागपूर आमच्यापासून लांब आहे."

"असेल. इथून सगळं तिकडचंच," शेजारीण म्हणाली आणि तिने दार लावून घेतलं.

पुढे खरोखरचे नागपूरकर भेटले, तेव्हा ते म्हणाले, "तुम्ही तर वऱ्हाडी!" शकूताईंना ते आवडलं. तेव्हापासून कोणी विचारलं की त्या सांगत, "आम्ही वऱ्हाडातले."

वाघोलीत आल्यावर एकदा भाजीच्या गाडीवर त्यांच्या कानावर पडलं, "कावून बाप्पा, एवढं महाग?" त्यांनी वळून पाहिलं. कॉलेजात शिकणारी, पुसदची राजनंदिनी. तिला त्यांनी तशीच घरी आणलं आणि पातोडीचा, म्हणजे बेसनवड्यांचा, रस्सा खाऊ घातला. पुढच्या रविवारी ती तीन मैत्रिणींना घेऊन आली. त्यातूनच जानेवारीतलं रोडग्यांचं जेवण सुरू झालं. वाघोलीचे जुने शेतकरी रावसाहेब यांच्या रानात गोवऱ्या पेटवायच्या, त्यांच्या निखाऱ्यात कणकेचे रोडगे भाजायचे, सोबत वांग्याची भाजी आणि वरण. पहिल्या वर्षी अकरा जण होते. सातव्या वर्षी शंभराच्या वर गेले.

आता एवढ्या माणसांना काही शिस्त हवी, असं इंद्रजीतला वाटलं. हा अकोल्याचा, खराडीच्या एका आयटी कंपनीत नोकरी, कामाला वाघ. त्याने संस्थेचं नाव ठरवलं, 'वऱ्हाड परिवार', आणि सगळ्यांच्या मोबाईलवर सभासदत्वाचा फॉर्म पाठवला. त्यात जिल्हा निवडायचा होता. अकोला, अमरावती, बुलढाणा, यवतमाळ, वाशीम.

शकूताईंनी यादी तीनदा वरखाली केली. मग चष्मा पुसून पुन्हा पाहिली.

"माहा जिल्हाच नाही यात," त्या बाबुरावांना म्हणाल्या.

बाबुराव पेपर वाचत होते. "अमरावती टाक. कोण बघायला येतंय?"

"माहेर खोटं सांगू?"

बाबुरावांनी पेपर खाली ठेवला.

शकूताईंनी इंद्रजीतला फोन केला. तो आदबीने म्हणाला, "काकू, जुनं वऱ्हाड म्हणजे आजचे हे पाचच जिल्हे. वर्धा नदी ही हद्द. तुम्ही आमच्या पाहुण्या म्हणून या ना!"

पाहुण्या! तीन दिवस त्या कुणाशी धड बोलल्या नाहीत. मी डबा परत द्यायला गेलो, तर दारातूनच घेतला. शकूताईंच्या घरून चहा न घेता परत यायची माझी ती पहिलीच वेळ.

चौथ्या दिवशी रविवार होता. सोसायटीच्या हॉलमध्ये परिवाराची बैठक होती. शकूताई आल्या त्या कोऱ्या कागदांचा गठ्ठा आणि रंगीत खडूंचा डबा घेऊनच. प्रत्येकापुढे एकेक कागद ठेवत म्हणाल्या, "वऱ्हाड काढा. कुठून कुठवर ते. शेजारच्याचं पाहायचं नाही."

आधी हशा पिकला. मग चाळीस-चाळीस लाख पॅकेजवाली माणसं माना खाली घालून रंगवू लागली.

शकूताईंनी एकोणीस कागद भिंतीवर चिकटवले. इंद्रजीतचं चित्र नीटस, पाच जिल्ह्यांचं. राजनंदिनीने पैनगंगा ओलांडून माहूर आत घेतलं होतं, कारण तिची आजी तिथली. मलकापूरच्या एका गृहस्थांनी रेघ स्वतःच्या गावावरूनच नेली. "आमच्याकडे अर्धी खानदेशी चालते, मी आत का बाहेर ते मलाच माहीत नाही," ते म्हणाले. पुलगावच्या एकाने थेट नागपूरच्या वेशीपर्यंत हिरवा रंग फासला. एकाचं अकोलाच निम्मं बाहेर राहिलं होतं, पण ते त्याला चित्र काढता येत नाही म्हणून. दोन कागद सारखे निघाले नाहीत.

इंद्रजीत वैतागला. "काकू, संस्था अशी चालत नाही. कुठेतरी रेघ मारावीच लागते."

"मार ना, बापा," शकूताई शांतपणे म्हणाल्या. "पण मले बाहेर काढायचं असंल, तर तोंडानं सांग. मोबाईलमधून नको."

इंद्रजीतने त्यांच्याकडे पाहिलं. वाघोलीत आल्या आल्या त्याला कावीळ झाली होती, तेव्हा महिनाभर दोन वेळचं बिनतेलाचं जेवण याच बाईंनी पोचवलं होतं.

"मला नाही सांगता येणार, काकू," शेवटी तो म्हणाला. तिथेच बसून त्याने जिल्ह्यांची यादी काढून टाकली आणि एक रिकामी जागा ठेवली. तिच्यापुढे एकच शब्द लिहिला, 'गाव'.

त्यावर मग माहूरकडची माणसं आली, हिंगणघाटची आली, थेट मध्य प्रदेशातल्या पांढुर्ण्याचं एक जोडपंही आलं. जानेवारीत रोडगे भाजताना शकूताई नव्या सभासदांची नावं वहीत घेत होत्या, तेव्हा रावसाहेब त्यांच्याजवळ येऊन उभे राहिले.

"ताई, माझं बी नाव घ्या की. रान माझं हाय."

"गाव?"

"वाघोली. आता पेठेतली लोकं म्हंत्यात ते पुण्याभाईर हाय, आन महापालिका म्हंती आत हाय. तुमी कायबी लिहा."

शकूताईंनी हसत हसत लिहून घेतलं. माझंही घेतलं. माझं गाव सासवड. त्यावर कोणी काही विचारलं नाही.

पंगत बसली, तेव्हा त्या सवयीने वाढायला उठल्या. इंद्रजीतने त्यांच्या हातातलं भाजीचं पातेलं काढून घेतलं आणि त्यांना बाबुरावांशेजारी बसवलं. त्याने गरम रोडगा फोडून त्यांच्या पत्रावळीत ठेवला. शकूताईंनी पहिला घास खाल्ला आणि मोठ्याने म्हणाल्या, "तूप कमी झालं रे, आण अजून!"