शिळ्या भाकरीनं फिरणारा दिवस

त्या दिवशी आम्ही दोघांनी मिळून शेवटचं काम काय केलं, तर पावट्याच्या शेंगा सोलल्या. भाकऱ्या थापून झाल्या होत्या, उद्याची एक तिनं रोजच्यासारखी बुट्टीत फडक्याखाली ठेवली होती. मी किडका दाणा चांगल्यात टाकला म्हणून मला बोलली. मग 'जरा पडते' म्हणाली आणि उठली न्हाय. आता एवढं ऐकून तुम्ही तोंड वाईट करून बसणार. बसू नका. आमच्या हिच्याइतकी खुळी बाई बेळगुंदीपासून निपाणीपर्यंत झाली न्हाय, आणि खुळ्या माणसाची गोष्ट रडत ऐकू नये.

तिचं माहेर गुंजी. लहानपणी स्टेशनाजवळ गुरं राखायची. गाड्या सिग्नलापल्याड रानात शिरून दिसेनाशा व्हायच्या. त्या पुढं कुठं जातात हे हिला कुणी सांगितलं न्हाय, म्हणून हिनं तिथं स्वतःच एक राज्य वसवलं. बाकीच्या पोरी मोठ्या झाल्या की बाहुल्या सोडतात. हिनं राज्य सोडलं न्हाय, लग्नात भांड्यांबरोबर तेबी माझ्या घरी आणलं. त्या राज्याला दोन चांद, एक झोपाळू राजा, आणि सगळ्यांहून न्यारं असं स्वतःचं कॅलेंडर. ते सगळं हिच्या डोक्यात. भिंतीवरचं छापील कॅलेंडर दुधाचे खाडे मांडायला, बाकी त्याला काडीची किंमत न्हाय. तिकडचे महिने म्हणजे ढग अंगणात बसायचा महिना, कांबळी वाळायचा महिना, राजा रुसायचा महिना. राजा रुसला की महिनाभर गादी मोकळी.

"मग कारभार कोण बघतंय?" मी विचारलं.

"बायका बघत्यात. राजा रुसलाय हे कुणाला कळतबी न्हाय."

एखादा महिना वाईट गेला तर पुढच्या वर्षी तो घ्यायचाच न्हाय, असाही तिकडं कायदा. आणि थोरला-धाकला चांद एकदम उगवले की त्या दिवशी चूल पेटवायची न्हाय. हे दोन्ही चांद नेमके मी शेतातनं भुकेजून आलो की उगवायचे. "अगं, मला एकबी दिसंना!" म्हटलं तर म्हणायची, "मोतीबिंदू काढल्यावर दिसतील. तवर चिरमुरे खावा."

निपाणीला तिच्या भाचीचं लगीन होतं. तारीख ध्यानात ठेवायचं काम मी हिच्यावर सोपवलं, ही माझी अक्कल. पोचलो तर मांडवाचे बांबू उतरवत होते आणि आचारी कढया घासत होता. मी लाजेनं मेलो. ही मात्र पदर खोचून आत गेली, "आमच्याकडं आज हळद हाय" म्हणाली, आणि माहेरी परत आलेल्या नवरीला पुन्हा पाटावर बसवून हळद लावलीच. जावई शेजारी उभा राहून हसतोय, तर त्यालाबी खाली ओढला. ती भाची अजून सांगते, "माझं लगीन दोनदा झालं, आणि आठवतंय ते दुसरंच."

पण खरा नियम होता दिवसाचा. तिकडं दिवस सूर्य उगवला म्हणून बदलत न्हाय, कालचं खाल्लं की बदलतो. रोज सकाळी चहाबरोबर कालची भाकरी मोडायची, थोरला तुकडा मला, धाकला तिला. पहिला घास गिळला की ही दारात जाऊन ओरडायची, "फिरला गं!" आणि शेजारची आक्का न्हाणीतनं उत्तर द्यायची, "उठू दे राजाला!" मला गावात तोंड दाखवायची लाज वाटायची.

एकदा मी रागानं भाकरीला शिवलोच न्हाय. राग कशाचा होता ते आता आठवत न्हाय. ही चहा घेऊन समोर बसून राहिली.

"खावा की. तिकडं सगळी खोळंबल्यात. गाईची धार काढायची राहिलीया, राजा कूस बदलतोय. एकानं जरी घास न्हाय घेतला तर सगळ्यांचा दिवस अडतो."

"अडू दे."

"आणि एखादी बाळंतीण सकाळची वाट बघत असली तर?"

भाकरी पुढ्यात ओढली. खाल्लो.

तिला पोचवून घरी आलो, तर बायका रिवाजाप्रमाणं घरातलं शिजलेलं सगळं काढून टाकत होत्या. एकीचा हात बुट्टीवर गेला तसा मी म्हणालो, "ती ऱ्हाऊ दे."

"अण्णा, असलं खाऊ नये," आक्का म्हणाली.

"खाणार न्हाय."

आणि खरंच खाणार नव्हतो. माझा बेत सरळ होता. भाकरी मोडली न्हाय तर दिवस फिरत न्हाय. दिवस फिरला न्हाय तर ती आजच माझ्यासमोर बसून शेंगा सोलत होती, काल न्हवं. जन्मभर ज्या कॅलेंडराला हसलो, त्याच्याच आडोशाला जाऊन बसलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी बुट्टी मांडीवर घेऊन बसलो. उजाडलं. आक्का चहा ठेवून गेली. तिच्या न्हाणीत बादली वाजली, गल्लीतनं म्हशी गेल्या, भाकरी तशीच. मग मनात आलं, ही गेली असंल तर कुठं? सिग्नलापल्याडच की. नव्यानं पोचलेलं माणूस, कुणाची वळख न्हाय, कधी उजाडतंय म्हणून अंधारात बसलं असंल. आणि तिची सकाळ मी हितं मांडीवर अडवून धरलीया.

भाकरी मोडली. थोरला तुकडा तिच्या जागेवर ठेवला. धाकला चहात बुडवला. पहिला घास गिळला. मग दारात गेलो आणि सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असा ओरडलो, "फिरला गं!"